‘घरच्यासारखी’ म्हणजे नक्की कोणासारखी? चोवीस तासांची बाई आणि घर यांच्यातला ताण

डोंबिवलीला आईच्या पलंगाच्या कठड्याला आम्ही देवघरातली छोटी पितळी घंटा बांधली होती. खुब्याचं हाड मोडल्यापासून तिला रात्री मोठ्याने हाक मारता येत नव्हती. घंटा वाजली की हॉलमध्ये सतरंजीवर झोपलेल्या मावशी उठायच्या. मावशी माझ्याहून अकरा वर्षांनी लहान, परभणीकडच्या. पण आपल्याकडे घरकामाला आलेली बाई वयाने कितीही असो, ती मावशीच होते.

मी तीन रात्री तिथे राहिले, तेव्हा कॅलेंडरच्या पानामागे पेन्सिलीने वेळा टिपून ठेवल्या. पहिली रात्र. अकरा चाळीस, बेडपॅन. सव्वा एक, पाणी. दोन पन्नास, कूस बदलायला मदत. साडेचार, काहीच नको होतं, आईला अंधारात एकटं वाटलं होतं. साडेपाचला दुधाची पिशवी आली आणि मावशींचा दिवस सुरू झाला.

त्याच दिवशी दुपारी तीनच्या सुमाराला मावशी गॅलरीत उभ्या राहून मुलाशी फोनवर बोलत होत्या. वीसेक मिनिटं झाली असतील. आई मला हळूच म्हणाली, “सारखी फोनवर असते बघ. पैसे कशाचे देतो आपण?”

आईचा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो. चोवीस तासांची बाई ठेवणाऱ्या जवळजवळ प्रत्येक घरात तो कधी ना कधी निघतो आणि बहुतेक वेळा स्वभावावर जाऊन थांबतो: “बाई आळशी निघाली”, “मॅडम कडक आहेत”. मला वाटतं, या ताणाचं मूळ स्वभावात फार थोडं आहे. आपण नक्की काय विकत घेतलंय, हेच कोणी ठरवलेलं नसतं. ताण तिथून सुरू होतो.

धुणंभांडी करायला बाहेरून येणारी बाई कामावर पैसे घेते. भांड्यांचे इतके, लादीचे इतके, पाहुणे आले तर वरचे. तिच्याकडे चार-पाच घरं असतात. एका घरी बिनसलं तर बाकीची घरं राहतात आणि संध्याकाळी ती स्वतःच्या खोलीवर जाऊन दार लावते. राहून काम करणाऱ्या बाईचं सगळं एकाच हातात असतं: पगार, जेवण, डोक्यावरचं छप्पर. सकाळी भांडण झालं तर त्याच रात्री झोपायचं कुठे, हा प्रश्न तिच्यापुढे उभा राहतो. म्हणून ती पटकन भांडत नाही. मनात साठवते, आणि एक दिवस “गावी आजारी आहेत” म्हणून जाते ती परत येत नाही.

घराच्या बाजूनेही भीती असतेच, ती खोटी नसते. कपाटाची किल्ली कुठे आहे, कोणाचं कोणाशी पटत नाही, आईचं डायपर कधी बदलायचं, सगळं तिला माहीत असतं. आईचा जीव रात्रभर तिच्या हाती असतो. दोघींनाही एकमेकींची भीती वाटते. पण दोन भीतींचं वजन सारखं नसतं. आमचं बिनसलं तर आमची गैरसोय होते. तिचं बिनसलं तर ती रस्त्यावर येते.

तासांचा हिशेब

आमच्याकडचाच हिशेब मांडते. मावशींचा पगार महिना १८,००० रुपये, जेवणखाण आमच्याकडे. सकाळी साडेपाच ते रात्री दहा म्हणजे साडेसोळा तास. त्यातून जेवण आणि दुपारची विश्रांती मिळून अडीच तास वजा करा. राहिले १४. महिन्याचे तीस दिवस धरले, कारण सुट्टी ठरलेली नव्हती, तर ४२० तास. म्हणजे तासाला साधारण ४३ रुपये. जेवणाचे आणि राहण्याचे ६,००० धरले तरी ५७ रुपये होतात.

आठ तासांची नोकरी करणारा माणूस महिन्याला २६ दिवस धरून २०८ तास काम करतो. मावशी एका पगारात दोन माणसांच्या नोकऱ्या करत होत्या. आणि यात रात्रीची घंटा मी धरलेलीच नाही.

घंटेचा हिशेब कसा करायचा, हा इथला सगळ्यात अवघड प्रश्न आहे. रात्री चार वेळा उठून मिळून दीड तास काम झालं असेल. मग उरलेले सहा तास विश्रांतीचे म्हणायचे का? तान्हं बाळ सांभाळलेल्या कोणत्याही बाईला विचारा. कधीही हाक येईल या तयारीत घेतलेली झोप वेगळी असते, शरीर पडलेलं असलं तरी कान जागा असतो. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने जून २०११ मध्ये जिनिव्हात घरकामगारांसाठी १८९ क्रमांकाचा करार मंजूर केला, त्यात नेमकी हीच गोष्ट लिहिली आहे. हाक आली तर उठता यावं म्हणून ज्या वेळेत कामगाराला स्वतःच्या मनासारखं वागता येत नाही, तो वेळ कामाचा धरावा, किती प्रमाणात ते देशाच्या कायद्याने किंवा सामूहिक कराराने ठरवावं. त्याच करारात आठवड्यातून सलग चोवीस तास विश्रांती आहे. राहण्याच्या जागेत खाजगीपणा जपला जावा असं आहे. सुट्टीच्या वेळेत मालकाच्या घरातच थांबायची सक्ती नसावी आणि ओळखीची कागदपत्रं कामगाराच्याच ताब्यात असावीत, असंही आहे. भारताने त्या वेळी कराराच्या बाजूने मत दिलं होतं, पण त्याला अजून मान्यता दिलेली नाही.

आईच्या प्रश्नाचं उत्तर त्या पेन्सिलीच्या टिपणात होतं. तिला दुपारचा फोन दिसत होता, कारण तेव्हा ती जागी होती. रात्रीच्या चार फेऱ्या तिच्या अर्धवट झोपेत घडत होत्या.

‘आम्ही तिला घरच्यासारखं ठेवतो’

हे वाक्य मीही म्हटलेलं आहे, अगदी मनापासून. आमच्याकडे मावशींना उरलंसुरलं दिलं जात नव्हतं, जे ताटात आमच्या तेच त्यांच्या. सणाला साडी असायची. त्यांच्या मुलाच्या दहावीच्या पुस्तकांचे पैसे भावाने दिले होते.

पण घरचं माणूस आणि कामाचं माणूस यांचे नियम वेगळे असतात. घरच्या माणसाला पगार नसतो, पण त्याचा घरावर हक्क असतो: दमलं तर झोपतो, रागावलं तर बोलतो, मालमत्तेत वाटा मागतो. कामाच्या माणसाला हे हक्क नसतात, पण त्याच्या कामाला वेळ असते, मोबदला ठरलेला असतो, सुट्टी असते. ‘घरच्यासारखी’ म्हटलेल्या बाईच्या वाट्याला बहुधा घरच्या माणसाची जबाबदारी आणि कामाच्या माणसाचा दर्जा येतो. पाहुणे आले तर “अगं, घरचंच आहे” म्हणून बारा माणसांचा स्वयंपाक. पगारवाढ मागितली तर “आपल्यात हिशेब करतेस?” ती हिशेब करायला बिचकते आणि घरालाही आपण तिच्याकडून जास्त घेतोय हे दिसत नाही. प्रेम खरंच असतं. पण प्रेम आहे म्हणून हिशेब झालेला नसतो.

हे आजचं नाही. गिरगाव-दादरच्या घरांत एकेकाळी कोकणातून आलेले घरगडी असायचे. माणसाचं नाव काहीही असो, त्याला ‘रामा’ म्हणायचे. तो पॅसेजमध्ये नाहीतर जिन्याखाली झोपायचा, महिन्याची मनिऑर्डर गावी पाठवायचा. आज नाव ‘मावशी’ झालंय. तेव्हाही आणि आताही, त्या घरात तिचं किंवा त्याचं स्वतःचं नाव किती जणांना माहीत असतं, एवढंच विचारून बघावं.

सतरंजी, पिशवी आणि कप

नव्या टॉवरमध्ये मोठ्या फ्लॅटला ‘सर्व्हंट रूम’ असते, बहुतेक वेळा वॉशिंग मशीनच्या बाजूला, पलंग मावेल न मावेल एवढी. आमच्यासारख्या वन बीएचके-टू बीएचकेमध्ये तीही नसते. मावशींची पिशवी सोफ्यामागे होती. साडी बदलायची ती बाथरूममध्ये. हॉलमध्ये टीव्ही चालू असेपर्यंत त्यांना आडवं होता येत नसे, आणि मालिका संपायला साडेदहा वाजायचे. मोठ्याने रडायचं म्हटलं तरी त्या घरात त्यांना जागा नव्हती. गॅलरीतला फोन मला नंतर नीट कळला. घरातल्या कोणाच्या नजरेत नसलेली ती चार फूट जागाच त्यांना उरली होती.

मग कप. स्वयंपाकघरात ओट्याच्या टोकाला एक वेगळा स्टीलचा कप उपडा घातलेला असतो, तो कोणाचा हे वेगळं सांगावं लागत नाही. “स्वच्छतेसाठी” असं कारण दिलं जातं. पण सगळी भांडी ती बाईच घासते, भाकरी तिच्याच हातची असते, मग कप वेगळा कशासाठी? ही शिवाशिव आहे आणि तिच्यामागे जात आहे. कामाला ठेवताना ज्येष्ठ मंडळी पगाराआधी आडनाव विचारतात. २०१७ साली पुण्यात एका उच्चशिक्षित बाईंनी, सोवळ्याच्या स्वयंपाकाला ठेवलेल्या बाईंनी जात लपवली म्हणून थेट पोलिसांत तक्रार दिली होती. राज्यभर संताप उसळला आणि पुढे ती तक्रार मागे घेतली गेली. त्या वेळी अनेकांनी आश्चर्य व्यक्त केलं. ज्यांच्या ओट्यावर वेगळा कप असतो त्यांना आश्चर्य वाटायला नको होतं. राहत्या बाईशी असलेला दुरावा फक्त पैशाचा आहे असं समजलं तर निम्मी गोष्ट सुटते. आमच्या घरातही तो कप होता. आईला समजवायला दोन महिने लागले, आणि मी तिला समजावलं असं म्हणणं खरं नाही. मावशींनी तिला अंघोळ घालायला सुरुवात केल्यावर एक दिवस तिने आपणहूनच आपल्या कपात त्यांना चहा द्यायला सांगितला.

संशय

घरात काही हरवलं की पहिली नजर कुठे जाते ते आपल्याला माहीत आहे. वस्तू नंतर गादीखाली सापडते, पण ‘ती नजर’ परत घेता येत नाही. बाईच्या मनात ती वर्षानुवर्षं राहते.

याला एक सरकारी बाजूही आहे. घरकामाला माणूस ठेवलं की त्याची माहिती आणि फोटो पोलीस ठाण्यात द्या, असं शहरांत वारंवार सांगितलं जातं. सोसायट्याही आग्रह धरतात. सावधगिरी म्हणून मला ते चुकीचं वाटत नाही. पण नोंद एकाच बाजूची होते. ती बाई कोणत्या घरात राहते, तिला पगार किती, सुट्टी किती, आधीची बाई का सोडून गेली, याची नोंद कुठेच होत नाही. परक्या शहरात, अनोळखी कुटुंबाच्या बंद दाराआड राहायला जाणारी ती असते. सुरक्षेचा प्रश्न तिचाही आहे.

ब्युरोतून, म्हणजे कामाला माणसं पुरवणाऱ्या एजन्सीतून, बाई आणली तर आणखी एक पदर वाढतो. ब्युरोवाले घराकडून कमिशन घेतात, काही जण बाईच्या पहिल्या पगारातूनही कापतात. पगार थेट तिच्या खात्यात जातो की मध्ये कोणी आहे, आणि तिचं आधार कार्ड तिच्याजवळच आहे ना, हे पहिल्याच दिवशी विचारलं पाहिजे. आणि वय. चौदा वर्षांखालील मुलांना घरकामाला ठेवायला ऑक्टोबर २००६ पासून बंदी आहे. “लांबच्या नात्यातली आहे, शिकायला आणलीय” हे वाक्य कानावर आलं तर तिथे नीट बघावं.

कायदा उंबऱ्यावर का थांबतो

कारखान्यात निरीक्षक जाऊ शकतो, दुकानाला नोंदणी असते. घर ही मात्र ‘आस्थापना’ मानली जात नाही. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेत ‘उद्योग’ या शब्दाच्या व्याख्येतून घरगुती सेवा स्पष्टपणे वगळली आहे. १९४८ च्या किमान वेतन कायद्यात, एखाद्या कामाला किमान वेतन लागू व्हायचं तर ते काम सरकारने आपल्या यादीत म्हणजे अनुसूचीत घालावं लागायचं. कर्नाटकाने २००४ मध्ये घरकामासाठी किमान वेतन ठरवलं. चळवळीत पुढे असलेल्या महाराष्ट्रात संघटना ते अजून मागत आहेत.

आणि चळवळ इथे खरंच पुढे होती. १९८० साली पुण्यात मोलकरणींनी आपणहून काम बंद केलं. त्यातून पुणे शहर मोलकरीण संघटना उभी राहिली. आजारपणाची सुट्टी, पगारवाढ, दिवाळीचा बोनस हे शब्द मध्यमवर्गीय घरांच्या दारात आणून ठेवले ते या बायकांनी. पण त्या प्रामुख्याने दिवसाच्या कामाच्या बायका होत्या. एका वस्तीत राहत होत्या, नळावर भेटत होत्या, “तुझ्या वाड्यात किती देतात?” हे एकमेकींना विचारू शकत होत्या. चोवीस तासांची बाई कोणाला विचारणार? आठव्या मजल्यावर ती एकटी असते. शेजारच्या घरातल्या बाईशी लिफ्टमध्ये दोन मिनिटं बोलली तरी “आपल्या घरातलं बाहेर सांगते” असं होतं. तिचं एकटेपण हेच तिचा पगार कमी राहण्याचं एक मोठं कारण आहे.

२००८ मध्ये महाराष्ट्राने घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला. १८ ते ६० वयाच्या घरकामगाराला नोंदणी करता येते. अपघात, मुलांचं शिक्षण, औषधोपचार, बाळंतपण, अंत्यविधी यांसाठी मदतीची तरतूद त्यात आहे. एप्रिल २०२१ च्या निर्बंधांत राज्य सरकारने १,५०० रुपयांची मदत जाहीर केली, ती नोंदणी असलेल्या घरकामगारांसाठी होती. नाव नोंदवलेलं असणं किती कामाचं असतं ते तेव्हा कळलं. मात्र हा कायदा कल्याणाचा आहे. कामाचे तास, पगार, रजा यांबद्दल मालकावर तो बंधन घालत नाही. १९६९ च्या माथाडी कायद्याने हमालांसाठी मालकांकडून मजुरी आणि लेव्ही (मजुरीवरची जादा वर्गणी) गोळा करणारी मंडळं उभी केली. घरकामासाठी तसं काही करता येणार नाही असं मला वाटत नाही.

एक भक्कम आधार मात्र आहे आणि तो फार कमी बायकांना माहीत असतो. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यात राहतं घर हेही कामाचं ठिकाण धरलं आहे आणि घरकामगार महिलेचा उल्लेख नावानिशी आहे. तक्रार जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे करता येते. प्रथमदर्शनी तथ्य दिसलं तर समितीने सात दिवसांत ती पोलिसांकडे पाठवायची असते.

सर्वोच्च न्यायालयाने २९ जानेवारी २०२५ रोजी, घरकामगार महिलेला घरात कोंडल्याच्या आरोपावरून उभा राहिलेला एक खटला रद्द करताना, याच पोकळीवर बोट ठेवलं आणि घरकामगारांसाठी कायदेशीर चौकट हवी का, याचा विचार करायला केंद्राने समिती नेमावी असा आदेश दिला.

मग आम्ही काय केलं

आईचं निवृत्तिवेतन २६,००० रुपये. औषधं आणि फिजिओथेरपी वेगळी. पगार एकदम दुप्पट करणं आम्हाला शक्य नव्हतं, हे मी लपवत नाही. म्हातारपणाची शुश्रूषा पूर्णपणे कुटुंबाच्या खिशावर सोडलेली आहे. कुटुंबाच्या खिशाला ती झेपत नाही, तेव्हा तो भार गुपचूप दुसऱ्या एका बाईच्या झोपेवर जातो. घरोघरच्या भांडणांमागे मला हे दिसतं.

आम्ही मावशींसोबत जेवणाच्या टेबलाशी बसलो आणि वहीच्या एका पानावर मराठीत लिहिलं. दुपारी एक ते चार त्यांचे, त्या वेळेत आईकडे दुसरं कोणीतरी बघेल. रात्री दोनपेक्षा जास्त वेळा उठावं लागलं तर त्या रात्रीचे वेगळे १५० रुपये. शनिवारी रात्री आठ ते रविवारी रात्री आठ सुट्टी. वर्षाला पगारवाढ, दिवाळीला एक पगार. काम थांबवायचं तर दोन्ही बाजूंनी महिनाभर आधी सांगायचं, आणि आम्ही थांबवलं तर एक महिन्याचा पगार द्यायचा. पानाचे दोन फोटो काढले, एक त्यांच्या मोबाइलमध्ये. गॅलरीत त्यांच्या पिशवीसाठी कुलपाचं छोटं कपाट आलं, किल्ली त्यांच्याकडे.

पहिल्या रविवारी त्या कुठेच गेल्या नाहीत, जायला जागाच नव्हती. हॉलमध्ये पडून राहिल्या. दुपारी सवयीने आईने घंटा वाजवली आणि मी स्वयंपाकघरातून यायच्या आत मावशी तिच्याजवळ पोचल्या होत्या. कामाच्या जागेवर सुट्टी घेता येत नाही, हे त्या दिवशी पटलं. पुढच्या आठवड्यापासून त्या अंबरनाथला चुलत बहिणीकडे जाऊ लागल्या.

आता दिवाळी आली आहे. त्यांना आठ दिवस गावी जायचंय, मुलगा बारावीला आहे. बदली बाई अजून मिळालेली नाही. भाऊ म्हणतो, भाऊबीजेपर्यंत थांबायला सांग, वरचे पैसे देऊ. मी रजा टाकली आहे आणि त्यांचं कल्याणहून परभणीचं देवगिरीचं तिकीट काढलं आहे.